जपानची काकी आणि आपली टेंभुर्णी



विषयाचे नाव वाचून कोणाचा गैरसमज होऊ नये म्हणून आरंभीच सांगतो की, यातील काकी ही कोणाच्या नात्यातली नव्हे. काकी हे एका फळाचे जपानी नाव आहे. इंग्रजीत त्याला पर्सिमन म्हणतात. हिमाचल प्रदेशात लोक त्याला जपानी फळ म्हणतात, तर आपल्याकडचे काही फळवाले त्याला अमरफळ आणि कधी कधी रामफळही म्हणून विकतात. आपले रामफळ ते निराळे. त्याचा नि याचा काही संबंध नाही. दिसायला हे फळ थेट पिकलेल्या टोमॅटोसारखे, रंग नारिंगी, आणि देठाशी चार पाकळ्यांची हिरवी टोपी. अलीकडे कल्याण-ठाण्याच्या बाजारात हिवाळ्याच्या सुमारास ते दिसू लागले आहे. ज्याने एकदा चाखले त्याला साहजिकच वाटते की, हे झाड आपल्या अंगणात का असू नये?

मलाही असेच वाटले होते. मुरबाडच्या बाजूला आमची थोडी वडिलोपार्जित वरकस जमीन आहे. एकेकाळी तेथे नाचणी-वरी होत असे. पुढे ती पडीकच राहिली. तेथे एक लहानसे घर बांधून सभोवार फळझाडे लावावीत, असे मनात आले. गड्यांकडून सगळी झुडपे कोयत्याने साफ करून घेतली, आणि डोंगरी मुलुखातल्या एका रोपवाटिकेतून काकीची दोन कलमे मागविली. खड्डे घेतले, शेणखत भरले, काठीचा आधार दिला. पहिल्या पावसाळ्यात एक कलम मुळाशी कुजून गेले. दुसरे तगले, पण पुढच्या वसंतात त्याचा फक्त शेंड्याचा एक डोळा फुटला. बाकीची फांदी झोपल्यासारखी तशीच राहिली. मे महिन्यात ती कोवळी पाने भाजल्यासारखी करपली आणि झाड गेले.

त्याच सुमारास शेजारच्या ठाकूरवाडीतली एक म्हातारी मावशी कुंपणापाशी येऊन उभी राहिली. मी त्या वाळलेल्या काडीला पाणी घालीत होतो. ती म्हणाली, “भाऊ, इथं टेंभुर्णीची झाडं होती ना, ती तुम्ही तोडली. आम्ही पोरं असताना इथंच टेंभरं खायला यायचो.” तिच्या बोलण्यात राग नव्हता. पण माझ्या मनाला ते बोल लागले, आणि लागण्याचे कारण मला पुढे पुस्तके चाळल्यावर नीट उमगले. जपानची काकी आणि ही टेंभुर्णी एकाच घराण्यातल्या आहेत. सख्ख्या बहिणी नव्हेत, पण चुलत-मावस नात्यातल्या खचित आहेत. मी जे पैसे खर्चून दुरून आणीत होतो, त्याचेच भावंड माझ्याच जमिनीत उभे होते, आणि ते मी झुडूप समजून छाटून टाकले होते.

हे घराणे म्हणजे डायोस्पायरॉस. हे नाव लिनियसने १७५३ साली रूढ केले. ग्रीक भाषेत त्याचा अर्थ साधारणपणे ‘देवाचे धान्य’ असा होतो. या घराण्यात काही शे जाती आहेत आणि त्यातल्या बहुतेक उष्ण प्रदेशातल्या आहेत. काळ्याभोर लाकडाचा अबनूस याच कुळातला. आपल्या जंगलातली टेंभुर्णी म्हणजे डायोस्पायरॉस मेलॅनोझायलॉन. या दुसऱ्या शब्दाचा अर्थच ‘काळ्या लाकडाची’ असा आहे. जुन्या टेंभुर्णीच्या खोडाचा गाभा खरोखरच काळा निघतो. संस्कृतात या झाडांना तिंदुक म्हणत, आणि हिंदीतला तेंदू त्यावरूनच आला. सोलापूर जिल्ह्यात तर टेंभुर्णी नावाचे गावच आहे.

आता आपल्यापुढचा खरा प्रश्न असा की, काकी शहापूर-मुरबाडला का जगत नाही? ‘परदेशी झाड आहे म्हणून’ हे उत्तर पुरेसे नाही. डहाणू-घोलवडचा चिकू आपण मोठ्या अभिमानाने खातो. तो भाग २०१४ पर्यंत आपल्याच ठाणे जिल्ह्यात होता, आता पालघरमध्ये गेला. तो चिकू मूळचा मध्य अमेरिकेतला, पण येथे असा रमला की, तो परका आहे हे कोणाच्या ध्यानीमनीही येत नाही. तेव्हा झाड कोठून आले हा मुद्दा नव्हे. त्याला जे हवे ते येथे मिळते की नाही, हा मुद्दा.

काकीला हवी असते थोडी थंडी. ती मूळची चीनची आणि जपानात शेकडो वर्षे लागवडीत असलेली. हिवाळ्यात तिची सगळी पाने गळतात आणि डोळे झोपी जातात. त्या डोळ्यांना जाग येण्यासाठी सुमारे सात अंश सेल्सिअसच्या खालच्या थंडीचे काही तास लागतात. सफरचंदाला असे हजारभर तास लागतात, तर काकीला जातीप्रमाणे शंभरापासून चारशेपर्यंत पुरतात. म्हणजे तिची मागणी फार नाही, पण जी आहे ती पुरी व्हावीच लागते. आंब्याला मोहोर धरण्यासाठी थंडीचा शिडकावा लागतो हे आपण सारे जाणतो. पण आंब्याचे काम पंधरा अंशांवर भागते, काकीचे भागत नाही. शहापूरच्या माहुली किल्ल्याखाली किंवा मुरबाडच्या सिद्धगडाच्या पायथ्याशी पौषातल्या पहाटे शेकोटी पेटवावी लागते हे खरे, पण तेथे पारा सात अंशांपर्यंत उतरत नाही. परिणाम काय होतो, तर झोपेतून अर्धवट उठलेल्या माणसासारखे झाड कोठे फुटते, कोठे फुटत नाही. माझ्या कलमाचे नेमके हेच झाले होते.

दुसरी अडचण पाण्याची. सह्याद्रीच्या पायथ्याच्या या दोन्ही तालुक्यांत शंभर इंचांच्या घरात पाऊस पडतो, आणि तोही चार महिन्यांत. तानसा, भातसा, वैतरणा या मुंबईची तहान भागविणाऱ्या जलाशयांनी याच परिसराचा आश्रय घेतला, तो उगीच नव्हे. नंतरचे आठ महिने मात्र कोरडे. काकीचे सोटमूळ खोल जाते, आणि साचलेल्या पाण्यात ते काळे पडून कुजते. पुढे एप्रिल-मेमध्ये चाळीस अंशांच्या पुढचे ऊन कोवळी पाने आणि साल भाजून काढते. म्हणजे पावसाळ्यात बुडायचे आणि उन्हाळ्यात भाजायचे, अशी तिची दोन्हीकडून कोंडी होते.

मग भारतात काकी होतेच कोठे? हिमाचलच्या कुल्लू खोऱ्यात, काश्मीरमध्ये, उत्तराखंडात आणि दक्षिणेत निलगिरीच्या कुन्नूर भागात होते. विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात युरोपियन लोकांनी ती आपल्याकडे आणली. आपल्यापैकी कोणाचे घर अशा थंड मुलुखात असेल, तर त्यांच्यासाठी चार गोष्टी सांगतो. कलम हिवाळ्यात, झाड निजलेले असताना लावावे. सोटमूळ तोडू नये आणि कलमाचा सांधा मातीच्या वर राखावा. दोन झाडांत पंधरा ते वीस फूट अंतर असावे. फळ येते ते गेल्या वर्षीच्या काडीच्या टोकाजवळून निघणाऱ्या नव्या फुटीवर. म्हणून सगळ्याच फांद्यांचे शेंडे छाटले तर त्या वर्षी फळावर पाणी सोडावे लागते. नत्राचे खत बेताने द्यावे, कारण ते जास्त झाले की झाड पानांनी भरते आणि कच्ची फळे गाळून टाकते. एक वर्ष फार लागली तर दुसऱ्या वर्षी झाड रुसते, म्हणून दाट लागलेली फळे लहानपणीच विरळ करावीत. लाकूड ठिसूळ असल्यामुळे भाराने फांद्याही मोडतात. एक सोय मात्र मोठी आहे. काकीच्या बहुतेक जातींना परागाशिवायही फळ धरते, त्यामुळे एकटे झाडसुद्धा फळते, आणि अशा फळात बी नसते.

या फळाचा एक गुण सांगितल्यावाचून पुढे जाता येत नाही, कारण तोच गुण आपल्या टेंभरात आहे. कच्चे फळ दाताखाली धरले की जीभ, टाळू, घसा सारे आवळल्यासारखे होते. याचे कारण टॅनिन नावाचे तुरट द्रव्य. ते लाळेतल्या प्रथिनांना धरून बसते आणि तोंडातला ओलावाच गेल्यासारखे वाटते. कच्चा चिकू खाणाऱ्याला याचा थोडा अनुभव आहे. फळ पिकले की हे टॅनिन नाहीसे होत नाही. त्याचे कण एकमेकांना बिलगून घट्ट होतात आणि लाळेत विरघळत नाहीत, म्हणून जिभेला ते कळत नाही. काकीच्या हाचिया या जातीची फळे पार मऊ लगदा होईपर्यंत खाता येत नाहीत. फुयु जातीची मात्र कडक असतानाच सफरचंदासारखी चिरून खातात. जपानी लोक तुरट फळे सोलून, दोरीला टांगून, वाऱ्यावर सुकवितात, आणि ती खारकेसारखी गोड होतात. आपल्या बाजारात एखादे तुरट फळ हाती आले, तर ते फेकू नये. आंब्याची अढी घालतो तसे ते पिकलेल्या केळ्यांबरोबर झाकून ठेवावे. चार-सहा दिवसांत मऊ होते. एक इशारा मात्र द्यावयाचा आहे. रिकाम्या पोटी कच्ची किंवा अर्धवट पिकलेली फळे पुष्कळ खाऊ नयेत. जठरातल्या आम्लाने ते टॅनिन गोठते आणि त्याचा घट्ट गोळा होऊन बसतो. कित्येकदा तो शस्त्रक्रियेने काढावा लागतो.

या तुरटपणाचाही उपयोग माणसाने करून घेतला आहे. जपानात कच्च्या काकीचा रस आंबवून तो कागदाला नि कापडाला लावीत, म्हणजे ते पाण्याला दाद देत नसे. आणि नेमके हेच बंगालचे कोळी करीत आले. त्यांच्याकडे टेंभुर्णीची दुसरी बहीण आहे, तिला तेथे गाब म्हणतात. तिच्या कच्च्या फळाचा चीक ते होड्यांच्या सांध्यांना आणि मासे धरण्याच्या जाळ्यांना लावीत. एकाच घराण्यातल्या झाडांच्या अंगचा एकच गुण दोन दूरच्या लोकांनी आपापल्या परीने हेरला.

आता आपल्या टेंभुर्णीकडे वळू. तिला ओळखावे कसे? मोठ्या झाडाची साल काळपट असते आणि मगरीच्या पाठीसारखी चौकोनी खवल्यांत फुटलेली असते. पान जाड, चामड्यासारखे. कोवळे असताना तांबूस आणि मखमली. जंगल उन्हाने करडे पडलेले असते, तेव्हा वैशाखाच्या सुमारास ही नवी पालवी डोळ्यांत भरते. फळ लिंबाएवढे, पिकल्यावर पिवळे, आणि देठाशी काकीसारखीच टोपी. आत पिवळसर मऊ गर आणि चकचकीत चपट्या बिया. चव चिकूच्या जवळची, शेवटी किंचित तुरट. फुले एप्रिल ते जूनमध्ये येतात, पण त्यांची फळे पिकतात ती पुढच्या उन्हाळ्यात. म्हणजे आज जे टेंभर आपण खातो त्याचे फूल गेल्या साली उमलले होते.

आपल्या शहरी माणसाला टेंभुर्णी ठाऊक असते ती विडीच्या पानामुळे. पान वळते, वाळले तरी चुरत नाही, आणि रानात मुबलक मिळते, म्हणून विडीसाठी याच्यासारखे दुसरे पान नाही. पानांचा मोठा धंदा विदर्भातला. गोंदिया, भंडारा, चंद्रपूर, गडचिरोलीचा. कसारा घाट चढून गेले की सिन्नर लागते, तेही विडीच्या धंद्यासाठी प्रसिद्ध. विडीने प्रकृतीचे किती नुकसान होते हे येथे वेगळे सांगावयास नको. झाडाचे जे होते ते मात्र सांगितले पाहिजे. कोवळी, मोठी पाने मिळावीत म्हणून झाडे बुंध्याशी छाटतात, आणि पुष्कळ ठिकाणी खालचे गवत पेटवून देतात. त्याने पाने मिळतात, पण झाड कधी झाडच होत नाही. जन्मभर झुडूप राहते, आणि झुडपाला फळ येत नाही. आमच्या वरकस जमिनीवरच्या मावशीची टेंभरे होती ती मोठ्या झाडांची. आज डोंगरात पाहू गेले तर फुटवे पुष्कळ दिसतील; फळ देणारी झाडे शोधावी लागतील.

आणि याचे मोल कोणाला द्यावे लागते? ज्येष्ठाच्या तोंडाशी गरिबाच्या घरातले धान्य संपत आलेले असते आणि नवे पीक दूर असते. त्या दिवसांत करवंदे, जांभळे, टेंभरे, मोहाची फुले यांवर ठाकूर, कातकरी, महादेव कोळी या लोकांची पोरे वाढत आली. आपल्याला जे रानमेवा म्हणून कौतुकाचे वाटते, ते त्यांच्या लेखी पोटाचे अन्न होते. २००६ च्या वनहक्क कायद्याने गौण वनोपजावरचा वनवासी लोकांचा हक्क मान्य केला, आणि त्यात तेंदूपानांचा उल्लेख नावानिशी केला. हक्क मिळाला ही चांगलीच गोष्ट झाली. पण ज्या झाडावर हक्क सांगावयाचा ते झाड उभे राहिले नाही, तर त्या हक्काचे करावयाचे काय? आणि शहापूर-मुरबाडात आज जी जमीन शेतघरांसाठी सपाट केली जात आहे, ती करणारे आपणच आहोत. जेसीबी लावून एका दिवसात आपण ‘झाडोरा’ साफ करतो, आणि मग रोपवाटिकेत जाऊन झाडे विकत आणतो. मी स्वतः तेच केले होते, म्हणून बोलण्याचा थोडा अधिकार मला आहे.

तरीही निराश होण्याचे कारण नाही, आणि हीच या झाडाची थोरवी आहे. टेंभुर्णी सहजी मरत नाही. तिची मुळे दूरवर पसरतात आणि त्यांतून जागोजाग फुटवे येतात. वरून तोडा, जाळा. खाली जीव शिल्लक राहतो. माझ्या काकीच्या जागेजवळच पुढच्या पावसाळ्यात टेंभुर्णीचे सात-आठ फुटवे वर आले. जपानातही या घराण्याची अशीच एक गोष्ट सांगतात. ९ ऑगस्ट १९४५ रोजी नागासाकीवर अणुबॉम्ब पडला, त्यात होरपळलेले एक काकीचे झाड जगले. पुढे १९९४ साली मासायुकी एबिनुमा नावाच्या वृक्षवैद्याने त्याची शुश्रूषा करून त्याची रोपे तयार केली, आणि ती ठिकठिकाणच्या मुलांच्या हातून लावली गेली.

तेव्हा परसात टेंभुर्णी कशी वाढवावी, ते आता क्रमाने सांगतो.

पहिला आणि सर्वांत सोपा मार्ग म्हणजे काही न लावणे. जमीन साफ करण्याआधी स्थानिक माणसाला बरोबर घेऊन फिरावे आणि टेंभुर्णीचे फुटवे कोणते ते विचारून घ्यावे. एका ठिकाणचे चार-पाच फुटवे असतील तर त्यांतला सरळ आणि जोमदार एक राखावा, बाकीचे जमिनीलगत काढावेत. त्याला जुन्या मुळांचे बळ असल्यामुळे तो बियांच्या रोपापेक्षा पुष्कळ लवकर वर येतो. शेळ्यांपासून जपण्यासाठी काटेरी कुंपण करावे, आणि माघ संपण्यापूर्वी भोवतालचे गवत चार-पाच हातांपर्यंत काढून टाकावे, म्हणजे वणवा आला तरी खोडाला झळ लागत नाही.

दुसरा मार्ग बियांचा. मे-जूनमध्ये पिकलेल्या टेंभरांच्या बिया गर धुऊन काढून, एक दिवस पाण्यात भिजवून, लागलीच पेराव्यात. साठवून ठेवू नयेत. शक्य तर जेथे झाड हवे तेथेच, बोटाच्या एका पेराएवढ्या खोलीवर, दोन-तीन बिया टाकाव्यात. हे झाड आधी खाली वाढते, मग वर. शेंडा वीतभर दिसत असतो तेव्हा सोटमूळ हातभर गेलेले असते. लहान पिशवीत रोप ठेवले तर ते मूळ वळून गुंडाळले जाते आणि झाड पुढे कधी नीट उभे राहत नाही. पिशवी वापरायचीच तर लांब घ्यावी आणि पहिल्याच पावसाळ्यात रोप जमिनीत लावावे. जागा उताराची, मुरमाड, पाण्याचा निचरा होणारी असावी; भाताच्या खाचरात लावू नये. पहिले दोन उन्हाळे आठवड्यातून एकदा पाणी आणि बुंध्याशी पाचोळ्याचे आच्छादन एवढी चाकरी पुरते. पानांवर फोड आलेले दिसतात. ते एका बारीक किड्याचे काम आहे. त्याने झाड मरत नाही, फोड आलेली पाने तोडून टाकावीत.

एक गोष्ट मात्र विसरू नये. टेंभुर्णीत नर आणि मादी अशी झाडे वेगळी असतात. नराची फुले झुपक्याने येतात, मादीचे फूल एकेकटे असते. फुलावर येईपर्यंत कोणते झाड कोणते ते कळत नाही. शिवाय एकाच मुळाचे फुटवे एकाच लिंगाचे असतात. म्हणून निरनिराळ्या ठिकाणचे फुटवे राखावेत, किंवा वीस-वीस फुटांवर बियांची पाच-सहा रोपे लावावीत. फळ यायला वेळ लागतो; बीपासून लावलेल्या झाडासाठी दशकभराची तरी तयारी ठेवावी. ‘एवढी वर्षे थांबायचे?’ असे कोणी विचारील. आपल्या वाडवडिलांनी चिंच आणि फणस लावले, ते स्वतःच्या जिभेसाठी नव्हे.

ज्यांना काकीची हौस आहे त्यांना मी अडवीत नाही. उंच वाफ्यावर, दुपारच्या सावलीत, एखादे कलम लावून पाहावे. शरद ऋतूत पाने रंगली तर तेवढेच नेत्रसुख. पण त्यासाठी टेंभुर्णी तोडू नये, आणि फळाची आशा धरू नये. फळ खावेसे वाटले तर कुल्लूचे विकत घ्यावे. आणि उन्हाळ्यात वाटेवर एखादी बाई पानाच्या द्रोणात टेंभरे घेऊन बसलेली दिसली, तर भावाची घासाघीस न करता ती घ्यावीत.

माझ्या जमिनीवरच्या फुटव्यांपैकी तीन मी राखले आहेत. त्यांतला एक आता डोक्याच्या वर गेला आहे. अजून फूल नाही. मावशी अधूनमधून येऊन पाहून जाते. परवा मी तिला विचारले, “हे नर की मादी?” ती म्हणाली, “फुलल्यावर सांगीन.” आपल्यापैकी ज्यांची शहापूर-मुरबाडकडे जमीन आहे, त्यांना माझी एवढीच विनंती आहे की, या वैशाखात एकदा तेथे जावे, तांबूस पालवीची झुडपे शोधावीत, आणि त्यांच्याभोवती चुन्याची एक रेघ ओढून गड्यांना सांगावे, की या रेघेच्या आत कोयता चालवायचा नाही.